एनीआरओआर आणि आयओरा : वारसाच्या जमिनीसाठी कितपत पुरतात?

राहायचं बडोद्याच्या दांडिया बाजारात आणि जमीन जवळच्या डभोई नाहीतर पादऱ्याकडे, अशा मराठी घरांत वाटणीवरून ठिणगी पडली की पहिला प्रश्न असतो, कागद कुठायत? गुजरात सरकारचं एनीआरओआर (AnyROR) हे जमिनीच्या नोंदी दाखवणारं संकेतस्थळ यासाठी फुकट उघडतं. जमिनीचा माग काढण्यासाठी त्याला पाचपैकी साडेचार गुण. पुरावा म्हणून दोनच.

बहुतेकजण ७/१२ उघडतात, आजोबांचं नाव दिसलं की स्क्रीनशॉट काढून निश्चिंत होतात. खरा माल गाव नमुना ६ मध्ये, म्हणजे हक्कपत्रकात असतो. ७/१२ मधल्या नमुना ७ वर नोंद क्रमांकांची रांग दिसते, तिच्या शेवटच्या क्रमांकापासून एकेक मागे सरकायचं. प्रत्येक नोंदीत कारण लिहिलेलं असतं: वारसाई, वेचाण (विक्री), वहेंचणी (वाटणी), हक कमी (हक्क सोडणं). आणि खाली शेरा: प्रमाणित, नामंजूर किंवा तकरारी (वादातली). हा शेरा न वाचता प्रिंट वकिलापुढे टाकणारे पुष्कळ. नामंजूर नोंदीवर दावा उभा राहत नाही. संगणकापूर्वीची पानं 'जुने स्कॅन केलेले' या पर्यायात आहेत, ७/१२ ची वेगळी आणि नमुना ६ ची वेगळी. अक्षर लागत नसेल तर डोळे ताणण्यापेक्षा मामलतदार कचेरीत प्रमाणित नकलेचा अर्ज केलेला बरा.

पुनर्मापणी झालेल्या गावांत सर्व्हे नंबर बदललेत. जुन्या खरेदीखतातला नंबर तसाच टाकला तर भलत्याचीच जमीन समोर येते. जुन्यावरून नवा नंबर शोधायची सोय तिथेच आहे, ती आधी वापरा. मापाचंही तसंच. खतात २ एकर लिहिलेले असतील तर उताऱ्यात ०-८०-९४ दिसेल, म्हणजे शून्य हेक्टर, ८० आरे, ९४ चौरस मीटर. जमीन कुणी लाटली म्हणून ओरडायच्या आधी हा हिशेब मांडावा.

स्क्रीनवरचा उतारा फक्त पाहण्यापुरता. कचेरीत द्यायला आयओरा (iORA) या सरकारच्याच महसुली अर्जांच्या पोर्टलवरून क्यूआर कोड असलेली, डिजिटल सहीची प्रत काढावी. वारसाईचा अर्जही तिथेच होतो. मृत्यूचा दाखला, ७/१२, ८-अ (खात्याचा उतारा), सोगंदनामा (प्रतिज्ञापत्र) आणि तलाठ्याकडचं पेढीनामं (आपली वंशावळ) लागतं. नंतर महसूल संहितेच्या कलम १३५-ड ची नोटीस हितसंबंधितांना निघते आणि हरकतीला ३० दिवस मिळतात. हरकत आली की नोंद तकरारी होते, निर्णय मामलतदार देतात, त्यावर अपील प्रांताकडे (उपजिल्हाधिकाऱ्याकडे).

पेढीनाम्यात आपल्या लोकांचं हमखास अडतं ते नावांत. उताऱ्यात 'गणपतभाई', दाखल्यावर 'गणपतराव', घरात सगळे 'नाना'. त्यात लग्नानंतर मुलीचं नावच बदलायची आपली रीत: माहेरची सुमन सासरी सुनंदा. मग सुमन कोण, सुनंदा कोण, हे सिद्ध करत बसा! शाळा सोडल्याचा दाखला, लग्नाचा दाखला आणि दोन्ही नावं एकाच व्यक्तीची असल्याचं सोगंदनामं अर्जासोबतच जोडा, मागाहून नव्हे. आणि बहिणींना पेढीनाम्यातून गाळायची हुशारी करू नका. हिंदू वारसा कायद्यातली २००५ ची दुरुस्ती आणि त्यावरचा सर्वोच्च न्यायालयाचा २०२० चा विनीता शर्मा निकाल यांनंतर वडिलोपार्जित जमिनीत मुलीचा हक्क जन्मापासूनचा आहे. वगळलेली बहीण हरकत घेते आणि सगळं पुन्हा पहिल्यापासून.

आता गुण का कापले ते. नोंद मालकी देत नाही. महसूल संहितेच्या कलम १३५-जे प्रमाणे प्रमाणित नोंद उलट सिद्ध होईपर्यंत खरी धरतात, इतकंच. २०२१ च्या जितेंद्र सिंह प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितलं: फेरफार महसुली कामापुरता, आणि मृत्युपत्रावरून भांडण असेल तर आधी दिवाणी कोर्ट. तिथे लागतं ते मूळ खरेदीखत किंवा नोंदणीकृत वाटणीपत्र. ते हरवलं असेल तर सब-रजिस्ट्रारकडून इंडेक्स-२ (नोंदलेल्या दस्ताचा सूची-उतारा) आणि प्रमाणित नक्कल काढावी लागते, त्यात एनीआरओआर मदत करत नाही. ३० वर्षांहून जुनं खत योग्य ताब्यातून आलं असेल तर सही-अक्षर खरं मानायचं की नाही हे कोर्ट ठरवतं. म्हणून ते ट्रंकेतून काढून लॅमिनेट करायला नेऊ नका. मागची बाजू, शिक्के, स्टॅम्प विकणाऱ्याची नोंद, सगळं तपासलं जातं.

वाड्यातली, शहरातली मिळकत असेल तर वरचं निम्मं विसरा. त्याच संकेतस्थळाचा शहरी पर्याय उघडा आणि प्रॉपर्टी कार्डासाठी सिटी सर्व्हेची कचेरी गाठा.