मुंबईच्या दमट हवेत ग्रो टेंट: नऊ महिन्यांनंतरचा अनुभव

मुलुंडला आमचं घर तळमजल्यावर. समोर टॉवर उभा राहिला आणि खिडकीतल्या कुंड्यांचं ऊन गेलं. मिरची सोडवेना, म्हणून फेब्रुवारीत ग्रो टेंट, म्हणजे घरात दिव्याखाली झाडं वाढवायचा बंद कापडी तंबू, घेतला: चार फूट लांब, दोन फूट रुंद, पाच फूट उंच. बेडरूमच्या कोपऱ्यात बसतो. आत १०० वॉटचा एलईडी, मिरची, बेसिल आणि थोडं लेट्युस. टेंट आणि दिवा दोन्ही चांगले निघाले. खरी मेहनत लागली ती हवेसाठी, म्हणून लिहिते आहे फक्त त्याबद्दल.

चार इंची इनलाइन फॅन, म्हणजे पाइपाला जोडून टेंटमधली हवा बाहेर ओढणारा पंखा, लोहार चाळीतून आणला. त्यावर मिनिटाला १९० घनफूट असं लिहिलेलं होतं. टेंट ४० घनफुटांचा, म्हणजे हा फॅन कितीतरी जास्त, असं वाटेल. पण तो आकडा फॅन मोकळा फिरवला तरचा. पाइप जोडला, दोन वळणं दिली की हवा बरीच कमी होते. शिवाय आकारापेक्षा दिव्याची उष्णता महत्त्वाची. १०० वॉटची सगळी उष्णता हवेनेच बाहेर काढायची आणि आतला पारा खोलीपेक्षा ३ अंशांच्या वर जाऊ द्यायचा नाही, तर मिनिटाला साधारण ५८ घनफूट हवा लागते. मोठा फॅन मंद चालवला की हे शांतपणे होतं. छताच्या पंख्याचा रेग्युलेटर मात्र जोडू नका. माझा फॅन त्यावर रात्रभर गुणगुणायचा. शेवटी स्वतःचा स्पीड कंट्रोल असलेला ईसी (इलेक्ट्रॉनिक नियंत्रणाच्या) मोटरचा फॅन घेतला, तेव्हा घरच्यांना झोप लागली. तो ३० वॉटवर चालतो, म्हणजे चोवीस तासांचे महिन्याला साधारण २२ युनिट.

दुकानदार सोबत कार्बन फिल्टर देतात. तो वासासाठी असतो. मिरचीला त्याची गरज नाही, उलट हवा अडते. मी महिन्याभरात काढला.

फॅन वर आणि हवा आत येण्याचे झरोके खाली, एवढं सगळेच सांगतात. चालू असताना टेंटचं कापड किंचित आत ओढलं गेलं पाहिजे. फारच आत गेलं तर खालचे झरोके आणखी उघडा.

मार्चमध्ये मी गरम हवा त्याच खोलीत सोडत होते. खोली ३६ अंशांवर, टेंट ३९ वर, आणि मिरचीची फुलं टपाटप गळायची. खोलीतली हवा जितकी गरम, त्याहून गार टेंट कुठल्याच फॅनने होत नाही. मग स्लायडिंग खिडकीच्या एका झडपेची काच काढून तिथे ॲक्रिलिकची शीट बसवली, चार इंची भोक पाडलं आणि पाइप बाहेर काढला. पाइप ताणून सरळ ठेवला. तोंडाला जाळी लावली, नाहीतर कबुतरं आठवड्यात काड्या आणून टाकतात. दिवाही रात्री लावू लागले, संध्याकाळी सहा ते सकाळी आठ. एवढ्यानेच एप्रिल-मे निभावले.

जूनमध्ये पश्चिमेचा वारा सुटला आणि पाऊस पाइपातून थेट फॅनपर्यंत आला. बाहेर खाली तोंड असलेला पीव्हीसी एल्बो लावला आणि पाइपाला बाहेरच्या दिशेने उतार दिला, तेव्हा थांबलं. पण आर्द्रतेवर हा उपाय नव्हता. जुलैत खोलीतच ८८ टक्के, आणि दिवा बंद झाला की टेंटमध्ये ९३. मी फॅनचा वेग वाढवत गेले आणि काही फरक पडेना, कारण ओढली जाणारी हवाही ओलीच. लेट्युस कुजलं. बेसिलच्या खालच्या पानांवर करडी बुरशी आली. फार वाईट वाटलं.

उपाय सापडला तो आधीच्या अगदी उलट. रात्री आम्ही एसी लावून झोपतो. फॅन हवा खिडकीबाहेर फेकत होता, म्हणजे एसीने कोरडी केलेली हवा बाहेर जायची आणि तिच्या जागी फटीफटींतून पावसाळी हवा आत यायची. म्हणून पाइप काढला, खिडकी बंद केली, टेंटची हवा पुन्हा खोलीतच सोडली आणि एसी ड्राय मोडवर ठेवला. आर्द्रता ६५च्या आसपास आली. पाणी संध्याकाळी, दिवा लागल्यावरच घालते. खालची पानं काढते. आत एक छोटा क्लिप फॅन पानांवरून वारा फिरवत राहतो. दिवा बंद झाल्यावरही दोन्ही पंखे चालूच, कारण हवा गार होताना पानांवर ओल धरते. दिवसा एसी बंद असतो, तेव्हा आकडा अजूनही चढतो. त्यावर मला समाधानकारक तोड मिळालेली नाही.

ऑक्टोबरच्या उकाड्यात पाइप परत खिडकीत गेला. झरोक्यांवर आता पातळ कापड लावलं आहे, कारण शेजारच्या बांधकामाची धूळ पानांवर बसते. ते दर रविवारी धुते. बेसिल नव्याने लावलं आहे, आणि मिरचीच्या दोन रोपांवर सध्या पन्नासेक मिरच्या आहेत.