एका फाइलपायी उधारीची वही चोरीला गेली

यवतमाळ जिल्ह्यात आमचं छोटं कृषी केंद्र आहे. बियाणं, खत, फवारणीची औषधं. गिऱ्हाईक म्हणजे आसपासच्या गावांतले कास्तकार, आणि धंदा बहुतेक उधारीवर. मृगात माल न्यायचा आणि कापूस विकला की पैसे द्यायचे. कोणाकडे काय पेरा आणि किती बाकी, हे मी मोबाइलमध्ये नावासोबतच लिहून ठेवायचो. ‘अमुक भाऊ, पऱ्हाटी 4 एकर, बाकी 12 हजार’ असं. पऱ्हाटी म्हणजे कपाशी. नंबर होते 1,380. तेच दुकानातल्या कॉम्प्युटरवरही सिंक करून ठेवलेले, म्हणजे फोन हरवला तरी यादी राहील. आपण लई हुशार, असं तेव्हा वाटायचं.

2025 च्या मे महिन्यात सिंक बंद पडलं. ‘डब्ल्यूएबी सिंक प्रोव्हायडर डॉट डीएलएल’ ही फाइल सापडत नाही, अशी इंग्रजी पाटी यायची. आमच्याकडे लाईन दिवसातून चारदा जाते, इन्व्हर्टर जुना, कॉम्प्युटर चालू असतानाच धाडकन बंद पडतो. त्यात फाइल खराब झाली असावी. कॉम्प्युटरवर विंडोज 7, ज्याचा सपोर्ट मायक्रोसॉफ्टने 14 जानेवारी 2020 लाच थांबवला. तेव्हाच बदलायला हवा होता. पण दुकानात आधी खताचा पैसा लागतो, कॉम्प्युटरचा नाही.

फाइलचं नाव जसंच्या तसं टाकून नेटवर शोधलं. फक्त तेवढ्या फाइलसाठी बनवलेलं पान निघालं, त्यावर हिरवं डाउनलोडचं बटण. दाबलं तर फाइल नाही, ‘दुरुस्ती’चा प्रोग्राम उतरला. त्याने अर्ध्या मिनिटात कॉम्प्युटर तपासला आणि लाल अक्षरांत 1,247 चुका दाखवल्या. शेजारी 1,499 रुपये आणि मदतीचा फोन नंबर.

मी तो नंबर लावला. माझी खरी चूक ती.

पलीकडचा माणूस हिंदीत, फार अदबीने बोलला. कॉम्प्युटरवर एक ॲप घ्यायला लावलं आणि त्यातला नऊ आकडी नंबर विचारून घेतला. माझ्या डोळ्यांदेखत माऊसचा बाण आपोआप फिरायला लागला. मग म्हणाला, कॉन्टॅक्ट मोबाइलमधूनच यायचेत ना, तर तेच ॲप मोबाइलवरही टाका, आणि जी परवानगी मागेल तिला हो म्हणा. मला ते पटलं. सिंक दोन्हीकडून होतं, तर ॲपही दोन्हीकडे लागणारच! 1,499 नेटबँकिंगने भरायला सांगितले. मी पासवर्ड टाकला, ओटीपी आला आणि मोबाइलच्या स्क्रीनवर तो त्यालाही दिसला. पुढची पाच-सात मिनिटं कॉम्प्युटरची स्क्रीन काळी होती. ‘फाइल बसते आहे, हात लावू नका.’ तेवढ्यात एक कास्तकार दोन पोती डीएपी खत मागायला आला, मी ती काढून द्यायला मागे गोदामात गेलो. येऊन पाहतो तर 46,000 गेल्याचा बँकेचा मेसेज. वितरकाला बियाण्यासाठी द्यायचे ठेवलेले पैसे होते ते.

लगेच 1930 वर, म्हणजे सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनवर, फोन केला. व्यवहाराचा नंबर, वेळ आणि बँकेचं नाव विचारलं. ते हाताशी ठेवून फोन करा, शोधण्यात माझी दहा मिनिटं गेली. 11,000 पुढच्या खात्यात अडवले गेले. उरलेल्या पैशांसाठी तालुक्याच्या ठाण्यात आणि सरकारी सायबर पोर्टलवर तक्रार दिली. बँकेने रिझर्व्ह बँकेचा 2017 चा नियम दाखवला. ग्राहकाने स्वतःच माहिती हातात दिली असेल तर बँकेला कळवेपर्यंतचं नुकसान ग्राहकाचं, कळवल्यानंतर काही गेलं तर ते बँकेचं. माझं सगळं कळवण्याआधीच गेलं होतं.

बहिणीचा मुलगा अमरावतीला शिकतो. तो आला आणि कपाळावर हात मारून घेतला. डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रामनी मिळून वापरायची फाइल, चार कास्तकारांत एक थ्रेशर असावा तशी. ही फाइल विंडोजची स्वतःची, ती विकत मिळण्याची वस्तूच नाही. त्याने आधी तो प्रोग्राम आणि दोन्हीकडची ॲप काढली, माझे पासवर्ड दुसऱ्या मोबाइलवरून बदलले. मग ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्टची काळी खिडकी उघडली, एसएफसी लिहिलं, जागा सोडून तिरकी रेघ आणि स्कॅननाऊ. वीसेक मिनिटं आकडा चढत राहिला. विंडोजने आपल्याच साठ्यातून फाइल परत जागेवर ठेवली. खर्च शून्य. विंडोजच्या खऱ्या चुकीच्या पाटीवर फोन नंबर कधीच नसतो, हेही त्यानेच सांगितलं.

इथवर पैशाचं झालं. आठ दिवसांनी एक म्हातारे कास्तकार दुकानात आले आणि पिशवी पुढे केली.

“दे बावा, पाकिटं.”

“कोणती पाकिटं, काका?”

“अरे, तूच त मेसेज केला. पाचशे टाकले ना मी.”

त्यांच्या नातवाने मोबाइल दाखवला. फोटो माझ्या दुकानाचा, नंबर भलताच. मजकुरात त्यांचं नाव, चार एकर पऱ्हाटी, मागची बाकी, सगळं बरोबर. ‘कपाशीच्या बियाण्याचं 901 चं पाकीट मिळेल, पण बुकिंगचे 500 आत्ता पाठवा, नाहीतर बाकी आधी भरावी लागेल.’ खाली क्यूआर कोड. मोबाइलवर ॲपला मी जी परवानगी दिली होती, तिच्यातून माझी अख्खी यादी गेली होती. ही चोरी आधी कोणाच्या लक्षातच आली नव्हती, कारण यादी चोरली तरी ती आपल्याकडेही तशीच राहते.

त्यांना मी पाकिटं दिली, पाचशे माझ्या अंगावर घेतले. दुसऱ्या दिवशी एकाने भर चौकात विचारलं, “माही उधारी किती हाय, हे त्या पोट्ट्याले कसं मालूम?” पैसे गेले त्याच्यापेक्षा हे जास्त लागलं. त्याची बाकी त्याच्या घरच्यांनाही माहीत नव्हती.

आता बाकी कागदाच्या वहीत आहे, मोबाइलमध्ये फक्त नाव आणि नंबर. यादी समोर घेऊन रोज रात्री दुकान बंद केल्यावर एकेकाला फोन करतो आहे. दोनशेच्या वर अजून राहिलेत. त्यांतलं कोणी हे वाचत असेल तर दुकानाचा नंबर तोच जुना आहे, आणि बियाण्याच्या बुकिंगचे पैसे मी मेसेज करून कधीच मागत नाही.