दुबईत पहिली नोकरी: मोठ्या हॉटेलचं किचन की बाहेरचं रेस्टॉरंट?

गेल्या महिन्यात सांगलीहून भाच्याचा फोन आला. हॉटेल मॅनेजमेंट झालेलं, पुण्यात दीड वर्ष कॉमी, म्हणजे किचनमधला सगळ्यात खालच्या पायरीचा स्वयंपाकी, म्हणून काढलेलं, आणि आता हातात दुबईच्या दोन ऑफर. एक पंचतारांकित हॉटेलची, कॉमी टू म्हणून. दुसरी जुमेरातल्या चांगल्या चालणाऱ्या रेस्टॉरंटची, कॉमी वन म्हणून आणि महिन्याला तीनशे दिरहम जास्त. "मामा, यात विचार काय करायचा? पोस्ट वरची, पैसे जास्त." मी त्याला म्हटलं, दोन्ही पत्रं पाठव, मग बोलू.

पंधरा वर्षं मी याच शहराच्या किचनमध्ये आहे. पहिली सहा हॉटेलात गेली, नंतरची बाहेर. दर वर्षी गावाकडून, ओळखीतून हाच प्रश्न येतो, म्हणून त्याला जे सांगितलं ते सविस्तर लिहितोय.

आधी पत्र नीट वाचा

हॉटेलच्या पत्रात एकूण पगार 1,800 दिरहम होता: बेसिक 1,400, भत्ता 400. राहायला खोली, ड्यूटीला ने-आण करणारी बस आणि स्टाफ कॅन्टीनमध्ये तिन्ही वेळचं जेवण. रेस्टॉरंटच्या पत्रात एकूण 2,100, पण बेसिक फक्त 800 आणि उरलेले 1,300 'इतर भत्ते'. खोली होती, जेवण ड्यूटीवरचं एकच, आणि येण्या-जाण्याबद्दल एक अक्षर नव्हतं.

इथे बेसिकवर सगळं चालतं. नोकरी सोडताना मिळणारी ग्रॅच्युइटी पहिली पाच वर्षं दर वर्षाला 21 दिवसांच्या बेसिकइतकी असते. तीसने भागून हिशोब करा: 1,400 बेसिकवर वर्षाला 980 दिरहम, 800 वर 560. तीन वर्षांनी एकाला 2,940 मिळतील, दुसऱ्याला 1,680. ओव्हरटाइमही बेसिकवरच मोजतात, किमान पंचवीस टक्के वाढवून. म्हणजे 2,100 वाल्याचा जादा तास 1,800 वाल्यापेक्षा स्वस्तात जातो. परदेशातून आलेल्या कामगाराला खासगी क्षेत्रात इथे किमान वेतन ठरवून दिलेलं नाही, त्यामुळे करारात जो आकडा लिहून घ्याल तोच तुमचा.

मग रोजचा खर्च. रेस्टॉरंटची खोली इंटरनॅशनल सिटीत होती. तिथे मेट्रो जात नाही, बस धरावी लागते, आणि आठवड्याच्या मधल्या दिवशी मेट्रो रात्री बाराला बंद होते. किचन धुऊन-पुसून निघेपर्यंत एक वाजतो. चार पोरांनी मिळून टॅक्सी करायची किंवा पहिल्या बसची वाट बघायची. त्यात दुसऱ्या वेळचं जेवण आणि सुट्टीच्या दिवसाचं पूर्ण खाणं खिशातून. तीनशे दिरहम पंधरा तारखेच्या आत संपतात, हे मी वहीत लिहून पाहिलेलं आहे.

हिशोब मांडल्यावर भाचा गप्प झाला. पण पैशांवरच ठरवायचं असतं तर हा लेख इथेच संपला असता.

हात कुठे तयार होतो

हॉटेलचं किचन म्हणजे एक कारखाना असतो. मेन किचन, गार्दमांजे (थंड पदार्थांचा विभाग), बुचरी (मांस कापायची जागा), पेस्ट्री, बँक्वे (समारंभांचं जेवण), आणि शिवाय पाच-सहा रेस्टॉरंट. नवीन कॉमीला बहुतेक वेळा थंड विभागात किंवा ब्रेकफास्टला टाकतात. पहाटे साडेचारला ऑम्लेट स्टेशन लावायचं, साडेदहाला उचलायचं. सहा-सहा महिने मुलं सॅलड कापतात आणि घरी फोन करून सांगतात, "काही शिकायला मिळत नाही." मीही सांगायचो.

ते खरं नव्हतं, हे मला रमजानात कळलं. आमच्या हॉटेलात साडेतीनशे लोकांचा इफ्तार असायचा. मगरीबच्या, म्हणजे सूर्यास्ताच्या नमाजाच्या, दहा मिनिटं आधी सगळे पाहुणे आपापल्या जागी बसलेले, समोर खजूर, लबान (ताक), मसुराचं सूप, आणि दालनात आवाज नाही. अजान झाली की तीनशे पन्नास माणसं एकाच मिनिटाला जेवायला लागतात. लग्नाच्या पंगतीतही असं होत नाही. तिथे निदान वाढप्याच्या वेगाने पंगत पुढे सरकते. भातावर मांडलेलं अख्खं मेंढीचं ऊझी वीस मिनिटांत हाडांवर येतं. मागे दुसरं तयार पाहिजे, तिसरं ओव्हनमध्ये पाहिजे आणि साठ अंशांखाली काहीही उतरता कामा नये, कारण इथल्या अन्नसुरक्षेच्या नियमात गरम म्हणजे साठच्या वर आणि थंड म्हणजे पाचच्या खाली. त्या तीस रात्रींत अंदाज, प्रमाण आणि वेळ या तीन गोष्टी माझ्या हातात कायमच्या बसल्या. कॉलेजच्या तीन वर्षांत त्या बसल्या नव्हत्या.

हॉटेल आणखी एक गोष्ट देतं: शिस्तीचा कागद. कोणत्या चिलरचं तापमान किती वाजता नोंदवलं, कोणता माल कोणत्या तारखेचा, ॲलर्जी असलेल्या पाहुण्याचं ताट कुणी बनवलं. आणि साखळी हॉटेलचं नाव असलेलं अनुभवपत्र. उद्या मालदीवला, क्रूझवर, युरोपात अर्ज केलात तर ते नाव वाचलं जातं.

तोटा एकच, पण मोठा. बढती मुंगीच्या पावलाने येते. कॉमी टूचा कॉमी वन, मग डेमी (विभागप्रमुखाच्या हाताखालचा), मग सीडीपी (विभागप्रमुख), आणि प्रत्येक पायरीवर जागा रिकामी व्हावी लागते. शेफला तुमचं नाव माहीत व्हायला वर्ष लागू शकतं.

बाहेरच्या रेस्टॉरंटात पहिल्या आठवड्यात नाव कळतं. किचन लहान, माणसं आठ-दहा. ग्रिलवाला आजारी पडला की तुम्ही ग्रिलवर. पासवर, म्हणजे ताटं बाहेर जातात त्या कट्ट्यावर, शेफ स्वतः उभा असतो, चमचा बुडवून चाखतो, परत पाठवतो. चव तिथे तयार होते. माल कुठून येतो, मासा काय भावाने पडतो, एका ताटाचा खर्च किती, फेकला किती गेला, हे सगळं कानावर पडतं. ज्याला दहा वर्षांनी कोल्हापूरला किंवा पणजीला स्वतःचं काही सुरू करायचंय त्याने हे शिक्षण कधीतरी घेतलंच पाहिजे. शिवाय प्रत्येक खाद्यगृहात महापालिकेच्या नियमाप्रमाणे प्रमाणपत्र घेतलेला जबाबदार माणूस, ज्याला इथे पीआयसी म्हणतात, कामाच्या वेळी हजर लागतो. लहान जागी ते प्रशिक्षण तरुण मुलाला लवकर मिळतं आणि पुढच्या नोकरीत त्याची किंमत होते.

आज दुबईचं नाव जगात ज्या जेवणामुळे निघतंय ते बरंचसं याच लहान किचनमधलं आहे. अलेप्पोहून आलेल्या तीन भावांनी 2021 मध्ये जुमेरात ओर्फाली ब्रदर्स उघडलं. 2023 पासून सलग तीन वर्षं ते मध्यपूर्व आणि उत्तर आफ्रिकेच्या पन्नास रेस्टॉरंटांच्या यादीत पहिलं होतं. ट्रेसिंड स्टुडिओत हिमांशू सैनीने मोजक्याच लोकांपुढे भारतीय जेवण मांडलं, आणि 2025 मध्ये मिशलिनचे तीन तारे मिळवणारं ते जगातलं पहिलं भारतीय रेस्टॉरंट ठरलं. मिशलिनची दुबईची पहिली यादीच मुळी 2022 ची. मी आलो तेव्हा भारतीय स्वयंपाक्याला इथे बटर चिकन आणि बिर्याणी यापलीकडे कुणी विचारत नव्हतं. तीन ताऱ्यांची बातमी आली त्या रात्री आमच्या किचनमध्ये सगळ्यांनी पातेली वाजवली.

मात्र अशा प्रत्येक रेस्टॉरंटामागे डझनावारी अशी आहेत, जिथे शेफ वर्षातून दोनदा येतो, मेन्यू दुसरीकडून उचललेला असतो आणि कॉमी दिवसभर डिलिव्हरीचे डबे भरतो. ऑर्डरचा टॅबलेट वाजला की डबा, परत वाजला की परत डबा. ऑफर यापैकी कुठून आलीय हे शोधणं तुमचं काम. इंटरव्ह्यूत दोनच गोष्टी विचारा: मी कोणत्या सेक्शनला उभा राहणार, आणि रात्री पासवर कोण असतं? उत्तर गोलमोल आलं तर काय समजायचं ते समजा.

हॉटेलातलं प्रत्येक रेस्टॉरंट हॉटेलचं नसतं

यात पुष्कळ मुलं फसतात. दुबईत दारूचा परवाना पूर्वीपासून मुख्यतः हॉटेलांना मिळत आला, म्हणून महागडी रेस्टॉरंटं हॉटेलांच्या इमारतीत वाढली. पण त्यातली बरीच वेगळ्या कंपन्या चालवतात. पत्ता पंचतारांकित, नोकरी मात्र भाडेकरूची. कॅन्टीन, बस, बढती, दुसऱ्या देशात बदली यातलं काहीही तुम्हाला लागू होत नाही. करारावर कंपनीचं नाव कोणतं आहे ते बघा, इमारतीचं बघू नका.

सर्व्हिस चार्जचंही तसंच. हॉटेलच्या बिलात साधारण दहा टक्के सर्व्हिस चार्ज, सात टक्के महापालिकेची फी आणि 2018 पासून पाच टक्के व्हॅट असतो. त्या दहा टक्क्यांतलं किचनच्या माणसापर्यंत किती पोचतं हे प्रत्येक हॉटेलात वेगळं. तेही आधीच विचारा, लाजू नका.

कॅफेटेरियाबद्दल थोडं

काहींना तिसरी ऑफर येते: कॅफेटेरियात. इथे कॅफेटेरिया म्हणजे रस्त्याकडेचं करक चहा, पराठा, शवर्मा आणि ज्यूसचं दुकान, बहुतेक केरळी माणसांनी चालवलेलं. गाडी समोर थांबते, हॉर्न वाजतो, पोरगा पळत जाऊन ऑर्डर घेतो. या शहराचं पोट त्या दुकानांवर चालतं आणि तिथल्या माणसांइतके कष्ट मी कुठे पाहिले नाहीत. पण हॉटेल मॅनेजमेंटची पदवी घेऊन तिथे जाऊ नये. पुढची पायरी त्या जिन्याला नाही.

दहावी न झालेल्या मुलाला मात्र कधी कधी हीच वाट मिळते. त्याच्या पासपोर्टवर ईसीआरचा (परदेशी नोकरीला जाण्याआधी मंजुरी आवश्यक, असा) शिक्का असेल तर निघण्याआधी सरकारी मंजुरी लागते. एजंट ई-मायग्रेटवर, म्हणजे भारत सरकारच्या त्यासाठीच्या वेबसाइटवर, नोंदलेला आहे का ते बघा. नोंदणीकृत एजंटला सेवाशुल्क म्हणून 30,000 रुपये आणि त्यावरचा जीएसटी, एवढंच घेता येतं. त्यावर एक रुपया मागणारा चुकीचं करतोय.

माझ्या पहिल्या कंपनीने पासपोर्ट स्वतःकडे ठेवला आणि व्हिसाचा खर्च पगारातून आठ महिने कापला. दोन्ही बेकायदेशीर आहे हे मला दोन वर्षांनी कळलं. आई आजारी होती तेव्हा पासपोर्ट मिळवायला तीन दिवस ऑफिसच्या बाकावर बसलो होतो. भरतीचा आणि व्हिसाचा खर्च मालकाचा, पासपोर्ट तुमचा, आणि दुबईत आरोग्य विमाही मालकानेच काढायचा. हे पाठ करून या. आणि 'व्हिजिट व्हिसावर ये, इथे आल्यावर बघू' असं कुणी म्हटलं तर घरीच थांबा.

मग माझं मत

पंचविशीच्या आतला, पहिल्यांदा देश सोडणारा मुलगा असेल तर हॉटेल. दोन ते तीन वर्षं. राहणं, खाणं, ने-आण यांची काळजी नसते आणि पाया पक्का होतो. मुलगी असेल तर अधिकच ठामपणे हॉटेल म्हणेन. रात्रीची बस आणि वेगळी स्टाफ इमारत ही मोठी गोष्ट आहे. त्यानंतर, डेमीच्या आसपास पोचल्यावर, चांगल्या शेफच्या रेस्टॉरंटात उडी मारा. उलट क्रम अवघड जातो, कारण मोठ्या हॉटेलात बाहेरून वरच्या पोस्टवर घेताना हॉटेलचा अनुभव हटकून विचारतात.

भारतात मोठ्या हॉटेलात तीन-चार वर्षं काढलेल्याने मात्र पुन्हा ऑम्लेट स्टेशनवर उभं राहू नये. त्याने सरळ रेस्टॉरंट धरावं, बेसिक वाढवून घेऊन.

शाकाहारी किंवा बीफला हात न लावणाऱ्या मुलांना वेगळं सांगतो. हॉटेलात बीफ रोजचं असतं आणि बऱ्याच ठिकाणी पोर्कची वेगळी खोली. तिथे गेल्यावर नकार देणं कठीण होतं. करामा आणि मीना बाजारात शुद्ध शाकाहारी रेस्टॉरंटं भरपूर आहेत, त्यांना मिठाई आणि फरसाणातला जाणकार माणूस हवाच असतो. तिथे मान राखून काम मिळतं.

एक लक्षात असू द्या. प्रोबेशन जास्तीत जास्त सहा महिन्यांचं असतं, पण त्या काळात इथल्याच दुसऱ्या मालकाकडे जायचं तर महिन्याची नोटीस द्यावी लागते आणि भरतीचा खर्च नव्या मालकाने जुन्या मालकाला भरून द्यावा लागतो. म्हणून चुकलं तर लगेच बदलू, हा हिशोब धरू नका.

भाच्याने रेस्टॉरंटला लिहून विचारलं की एकूण तेच ठेवा, बेसिक 1,400 कराल का. नाही म्हणाले. सेक्शन कोणतं, याचं उत्तर आलंच नाही. हॉटेलने लिहून दिलं: तीन महिने ब्रेकफास्ट, मग मेन किचन. त्याने सही केली. आता रोज संध्याकाळी ताईच्या स्वयंपाकघरात तो बारा-बारा अंड्यांची ऑम्लेटं करतोय, आणि ताई शेजारीपाजारी वाटतेय.