नार्नियाचा सात पुस्तकांचा संच: घ्या जरूर, पण कडेवरचे आकडे विसरा

सी. एस. लुईसची नार्निया या काल्पनिक देशाच्या गोष्टींची सात पुस्तकं आज बहुतेक ठिकाणी हार्परकॉलिन्सच्या पेपरबॅक संचात मिळतात. पॉलीन बेन्सची मूळ रेखाचित्रं आत आहेत आणि प्रत्येक पुस्तक हातात सहज मावतं. तक्रार एकच आहे, पण ती साधी नाही. पुस्तकांच्या कडेवर १ ते ७ असे आकडे छापलेत, आणि त्या क्रमाने वाचायला घेतलं तर या मालिकेतली सगळ्यात कसबी गोष्ट, म्हणजे लुईसने शब्द कुठे उच्चारायचा आणि कुठे राखून ठेवायचा हे ठरवलेलं गणित, पहिल्या आठवड्यातच विस्कटतं.

पुस्तकं निघाली ती अशी: १९५० साली ‘द लायन, द विच अँड द वॉर्डरोब’, मग दर वर्षी एक या हिशेबाने ‘प्रिन्स कॅस्पियन’, ‘द व्हॉयेज ऑफ द डॉन ट्रेडर’, ‘द सिल्व्हर चेअर’, ‘द हॉर्स अँड हिज बॉय’, ‘द मॅजिशियन्स नेफ्यू’ आणि १९५६ मध्ये ‘द लास्ट बॅटल’. संचातला क्रम नार्नियातल्या कालगणनेप्रमाणे लावलाय, त्यामुळे सहावं पुस्तक पहिलं होतं आणि पहिलं दुसरं. याला आधार म्हणून लुईसचं १९५७ सालचं एक पत्र दाखवतात. एका मुलाने कालक्रम सुचवला होता आणि लुईसने ‘मला तुझा क्रम पटतो’ अशा अर्थाचं उत्तर दिलं होतं, हे खरं. पण कोणत्या क्रमाने वाचलं याने फारसं बिघडत नसावं, असंही त्याच पत्रात आहे. तेवढा भाग पुढे कोणी सांगत नाही.

बिघडतं. ‘वॉर्डरोब’चं सातवं प्रकरण काढा. बीव्हर हा बोलका प्राणी चार भावंडांना हळू आवाजात सांगतो की अस्लान निघालाय, कदाचित येऊन पोहोचलाही असेल. लगेच निवेदक म्हणतो, अस्लान कोण हे त्या मुलांना तुमच्याइतकंच ठाऊक नव्हतं. तरी नुसत्या नावाने चौघांच्या मनात चार वेगळ्या गोष्टी होतात. एडमंडला कसलीशी गूढ भीती वाटते, पीटरला अंगात धाडस आल्यासारखं होतं, सुझनला सुगंध किंवा सूर जवळून गेल्याचा भास होतो, ल्यूसीला सुट्टीच्या पहिल्या सकाळी जाग यावी तसं वाटतं. तो सिंह आहे हे अजून कोणी सांगितलेलं नाही. त्याच्यासाठी ‘महान’, ‘दिव्य’ असलं एकही विशेषण खर्ची पडलेलं नाही. ज्याने आधी ‘नेफ्यू’ वाचलंय त्याने मात्र अस्लानला पूर्ण रूपात पाहिलेलं असतं, त्यामुळे ‘तुमच्याइतकंच’ हा शब्द त्याच्यापुरता खोटा ठरतो आणि पान वाया जातं.

लुईसने २६ जून १९५६ रोजी एका अमेरिकन मुलीला लेखनाचे काही नियम कळवले होते. अमूर्त नाम टाळून ठोस नाम वापर. वाचकाला काय वाटावं ते विशेषणाने सांगू नकोस, ‘भयंकर’ म्हणण्यापेक्षा असं वर्णन कर की वाचकच घाबरेल. नुसतं ‘खूप’ म्हणायचं असताना ‘अनंत’ म्हणू नकोस, नाहीतर खरोखर अनंताबद्दल बोलायची वेळ येईल तेव्हा शब्द उरणार नाही. श्रद्धेचं लेखन करणाऱ्या कुणीही, मराठी भक्तिपर मासिकांच्या संपादकांनी तर नक्कीच, हा शेवटचा नियम टेबलावर लावून ठेवावा. वरचं सातवं प्रकरण या नियमांचा वस्तुपाठ आहे.

आता ‘नेफ्यू’कडे. बायबलमध्ये देव बोलतो आणि प्रकाश होतो. लुईस इथे अस्लानला गायला लावतो, आणि गाण्याचा सूर बदलेल तसे तारे, डोंगर, गवत, प्राणी निघत जातात. मग तो काही प्राणी निवडून त्यांना वाचा देतो आणि बजावतो की मुक्या प्राण्यांच्या वळणावर परत जाऊ नका, नाहीतर वाचा जाईल. याच पुस्तकात चार्न नावाचं मेलेलं नगर आहे. तिथल्या राणीने एकच शब्द उच्चारून स्वतःखेरीज सगळे जीव संपवलेत. तो शब्द लुईस छापत नाही. कोणतीही अक्षरं जुळवली असती तरी हसू आलं असतं, हे त्याने ओळखलं होतं. अँड्र्यू मामाचं प्रकरणही चुकवू नये. सिंह गाऊ शकत नाही असं तो स्वतःला इतकं पटवून देतो की अखेर त्याला गाणं ऐकूच येत नाही, फक्त डरकाळी येते.

वाचा जाण्याच्या त्या इशाऱ्याचा हिशेब ‘लास्ट बॅटल’मध्ये होतो. जिंजर नावाचं बोलकं मांजर अस्लानवर विश्वास नसताना त्याच्या नावाने कारस्थान करतं, आणि एका क्षणी त्याच्या तोंडून शब्द निघायचे थांबतात, नुसतं फिसकारणं उरतं. प्रकाशनक्रमाने वाचलं तर इशारा सहाव्या पुस्तकात आणि शिक्षा सातव्यात, म्हणजे लागोपाठ येतात. संचाच्या क्रमाने मध्ये पाच पुस्तकं जातात आणि मुलांना दुवा लागत नाही.

‘लास्ट बॅटल’मधलं आणखी एक काम सहज नजरेतून सुटतं. अस्लान पाळीव सिंह नाही, हे वाक्य पहिल्या पुस्तकात बीव्हरच्या तोंडी येतं तेव्हा त्यात आदर आहे. सातव्यात एक माकड गाढवाला सिंहाचं कातडं पांघरून अस्लान म्हणून उभं करतं आणि झाडं तोडायचे, प्राणी वेठीला धरायचे हुकूम सोडतं. चांगली माणसंही तेच वाक्य आठवून गप्प बसतात: पाळीव नाही ना तो, असेल त्याची इच्छा. पुढे अस्लान आणि कॅलोर्मेन या शत्रुदेशाचा देव ताश ही दोन नावं चिकटवून ‘ताश्लान’ केलं जातं. धर्मभाषा आतून कशी पोखरली जाते, हे लहान मुलांच्या पुस्तकात इतक्या नेमकेपणाने क्वचितच आलं असेल.

तरी शब्दांच्या बाबतीत संचातलं अव्वल पुस्तक कोणतं म्हणाल तर ‘सिल्व्हर चेअर’. अस्लान डोंगरमाथ्यावर जिल नावाच्या मुलीला चार खुणा पाठ करायला लावतो: सकाळी उठताना, रात्री झोपताना, मध्यरात्री जाग आली तरी म्हणायच्या. इथली हवा स्वच्छ आहे, खाली ती दाट होईल, तेव्हा दिसण्यावर जाऊ नकोस. मुलं चुकतात कुठे ते बघण्यासारखं आहे. पहिली खूण घाईगडबडीत हुकते. पुढे थंडीत हिरव्या वस्त्रातली बाई गरम पाण्याची आंघोळ आणि मऊ बिछान्याचं नाव काढते, त्यानंतर जिल खुणा म्हणायचं सोडते. मग ती बर्फात खोल चरांमधून चालतात आणि ते चर म्हणजे तिसऱ्या खुणेची प्रचंड अक्षरं आहेत हे त्यांना कळत नाही. शेवटी भूमिगत महालात हीच बाई, म्हणजे चेटकीण, तलवार काढत नाही. ती आगीत हिरवी पूड टाकते, एकसुरी वाद्य छेडते आणि गोड आवाजात विचारते, सूर्य म्हणजे काय? मुलांनी सोडवलेला राजपुत्र म्हणतो, दिव्यासारखा. ती म्हणते, मग दिवा खरा, सूर्य तुमची कल्पना. मुलांचा सोबती पडलग्लम अनवाणी पायाने आग तुडवतो तेव्हा त्या आवाजातला गोडवा पहिल्यांदाच जातो. मोठ्याने वाचताना हे प्रकरण संथ, एका सुरात वाचा. मुलं खरोखर पेंगतात, आणि तेच हवं असतं.

दोन ठिकाणी लुईसचा हात घसरलाय. कॅलोर्मेनच्या लोकांचं वर्णन पूर्वेकडच्या माणसाबद्दलच्या जुन्या ब्रिटिश साच्यातलं आहे. आपल्या मुलांना वाचून दाखवताना ते टोचतं, त्यावर बोलावंच लागतं. आणि सुझन. तिला आता नायलॉनचे मोजे, लिपस्टिक आणि पार्ट्यांची आमंत्रणं यांतच रस आहे, असं एका वाक्यात सांगून तिला गोष्टीबाहेर काढलंय. हे वाक्य एका पात्राच्या तोंडी आहे, लेखकाचा निवाडा नव्हे, अशी बाजू घेता येते. पण ठोस नामांचा आग्रह धरणाऱ्याने नेमकी ही तीन निवडावीत, याला इलाज नाही.

इंग्रजीतून तोंडी मराठी करून सांगणार असाल तर सर्वनामं आधी ठरवून घ्या. ‘वॉर्डरोब’मध्ये एडमंड पहिल्यांदा भेटतो तेव्हा तिथली चेटकीण विचारते, राणीशी बोलायची ही पद्धत का? तिला ‘आपण’च हवं. अस्लानला मात्र ‘तू’. मराठी ख्रिस्ती प्रार्थनेत देवाला ‘तू’च म्हणतात, आणि विठ्ठलालाही आपण ‘अहो’ म्हणत नाही. इंग्रजीत न दिसणारा हा फरक मराठीत आपोआप मिळतो. ‘हॉर्स अँड हिज बॉय’मधली लांबलचक दरबारी भाषणं मात्र तोंडी उतरवताना दमछाक होते. तिथे थोडी काटछाट करायला हरकत नाही.

जुन्या बाजारात प्रत घेत असाल तर ‘वॉर्डरोब’चं सहावं प्रकरण उघडा. टुम्नसच्या घरातल्या चिठ्ठीखाली ‘मॉग्रिम’ अशी सही असेल तर मजकूर ब्रिटिश, ‘फेनरिस उल्फ’ असेल तर जुना अमेरिकन. ‘डॉन ट्रेडर’च्या बाराव्या प्रकरणाचा शेवटही त्या जुन्या अमेरिकन आवृत्तीत वेगळा आहे. काळोख्या बेटावरची भीती हसण्यावारी जाऊ नये म्हणून लुईसने तो बदलला होता, आणि तो बदल चांगला आहे. १९९४ पासून हार्परकॉलिन्सने सगळीकडे ब्रिटिश मजकूर घेतला, त्यामुळे नव्या संचात तो मिळत नाही.

सातही पुस्तकांचा एकत्र जाड ग्रंथही मिळतो. तो कपाटात शोभतो, पण अंथरुणात धरून वाचवत नाही. एकूण ११० प्रकरणं आहेत आणि मोठ्याने वाचताना एकाला पंधरा-वीस मिनिटं लागतात, तेव्हा सुटी पुस्तकंच बरी. ऐकायचं असेल तर प्रत्येक पुस्तकाला वेगळा वाचक असलेला ध्वनिसंच आहे, तीस तासांच्या आसपासचा. त्यात ‘नेफ्यू’ केनेथ ब्रानाने वाचलंय आणि ‘लास्ट बॅटल’ पॅट्रिक स्ट्यूअर्टने. सगळा संच परवडत नसेल तर आधी ‘वॉर्डरोब’ आणि ‘सिल्व्हर चेअर’ ही दोनच घ्या. दोन्हींमध्ये वेगळी मुलं आहेत, त्यामुळे मधली दोन न वाचता फारसं अडत नाही. फक्त जिलचा सोबती युस्टेस आधी किती चिडका होता, एवढं तोंडी सांगावं लागेल.