आठवड्याच्या रात्री चिकन: भाकर, भात की कण्या?

साडेसातला बुटीबोरीहून परत यायचं, वाटेत सक्करदऱ्याला अर्धा किलो चिकन घ्यायचं आणि नवाच्या आत चौघांच्या ताटात गरम जेवण वाढायचं. बुधवार-शुक्रवारचा आमच्या घरचा हा ठरलेला हिशेब. त्यासाठी मी तीन गोष्टी आलटून पालटून करतो: सावजी वळणाचा रस्सा नि ज्वारीची भाकर, कुकरातला चिकन भात, आणि चिकन घालून शिजवलेल्या ज्वारीच्या कण्या, म्हणजे जाडसर भरड. यातलं कोणतं करावं असा प्रश्न ज्याला पडतो, त्याला माझं पहिलं सांगणं असतं की चिकनचा विचार नंतर करा, आधी धान्य ठरवा. ब्रॉयलर कोंबडी कशीही केली तरी वीस-पंचवीस मिनिटांत शिजते. वेळ खातं ते धान्य. गावरान कोंबडीची गोष्ट वेगळी, ती रविवारीच आणावी.

चवीचं विचाराल तर रस्सा-भाकरीला तोड नाही. हलबा कोष्टी विणकरांच्या घरांतून आलेला हा रस्सा नागपूरच्या माणसाला वेगळा समजावून सांगावा लागत नाही. सुकं खोबरं, खसखस, धने, दगडफूल हे सगळं भाजून वाटायला बुधवारी वेळ नसतो, म्हणून मी इतवारीच्या बाजारातून तयार मसाला आणून ठेवतो. त्यात कमीपणा काही नाही, फक्त तो थेट कडक तेलात टाकू नका. कांदा तपकिरी झाला की आच कमी करा, दोन चमचे गरम पाणी शिंपडा आणि मग मसाला घाला. दगडफूल जळलं की कडवट होतं, आणि तो कडवटपणा मग कशानेही जात नाही. मसाला तेल सोडेपर्यंत धीर धरला तर तर्री आपोआप वर येते. इथवर पस्तीस मिनिटं, म्हणजे वेळेच्या आतच.

अडतं ते भाकरीपाशी. ज्वारीत गव्हासारखा ग्लुटेन नसतो, त्यामुळे पीठ उकळत्या पाण्यात भिजवून तळहाताच्या टाचेने मळावं लागतं. तेही एकेका भाकरीपुरतं, थापायच्या आधी. सगळं एकदम मळून ठेवलं की शेवटच्या भाकरीच्या कडा फाटतात. पीठ जुनं असेल तर पहिलीच फाटते. तव्यावर टाकली की वरून पाण्याचा हात फिरवायचा, ते पाणी पुरतं सुकायच्या आत उलटायची, मग थेट आचेवर धरायची. टम्म फुगते तेव्हा सगळे कष्ट विसरायला होतात, हे खरं आहे. पण चौघांच्या आठ भाकरी म्हणजे जवळपास अर्धा तास तव्यासमोर उभं राहणं. मे महिन्यात बाहेर पारा पंचेचाळिसाला टेकलेला असतो आणि स्वयंपाकघरात दोन शेगड्या पेटलेल्या. बाकीचे जेवायला बसतात आणि करणारा शेवटी, एकटा जेवतो. मला सगळ्यात जास्त हेच खटकतं.

चिकन भात सगळ्यात सोपा. आपल्याकडे एचएमटी तांदूळ घरोघरी असतो. चंद्रपूर जिल्ह्यातल्या नांदेड गावच्या दादाजी खोब्रागडेंनी शेतात निवड करत करत तयार केलेलं हे वाण, नाव मात्र घड्याळावरून पडलं. जुना एचएमटी घ्या, नवा गिच्च होतो. दोन वाट्या तांदळाला तीन वाट्या पाणी, चिकनलाही पाणी सुटतं. एक शिटी मोठ्या आचेवर, पाच मिनिटं बारीक आचेवर, बस. छातीचे तुकडेही यात मऊ राहतात. लेकरं बिनतक्रार खातात. माझी तक्रार एवढीच की दहा-साडेदहाला पुन्हा काही खावंसं वाटतं.

आता कण्या. चक्कीवाल्याला ज्वारीची भरड काढायला सांगा आणि घरी आणून पीठ चाळून काढा. पीठ राहिलं तर गोळे होतात. चौघांना दीड वाटी कण्या पुरतात. घरात पाय ठेवल्याबरोबर त्या धुवून भिजत घालायच्या, मग हातपाय धुवायचे. अर्ध्या तासाने कुकरमध्ये तेल, तेजपान, कांदा, अद्रक-लसूण, एक टमाटर, हळद, तिखट, चमचाभर तोच इतवारीचा मसाला. त्यात चिकन पाच मिनिटं परतून घ्या, निथळलेल्या कण्या घाला, आणि कण्यांच्या चौपट, म्हणजे सहा वाट्या गरम पाणी. मध्यम आचेवर चार शिट्या, नंतर वाफ आपली आपण जिरू द्यायची. चिकन इथे हाडासकट तंगडीचंच हवं. छातीचा तुकडा चार शिट्यांत चोथट होतो, आणि हाडाचा रस कण्यांत उतरला नाही तर या प्रकारात अर्थ नाही.

झाकण उघडल्यावर पहिल्यांदा करणारा हमखास घाबरतो, कारण सगळं पातळ दिसतं. घाबरू नका, सराट्याने (उलथन्याने) खालून वर हलवा. पाच मिनिटांत ताटातच आळतं. वर तुपाची धार, लिंबू, मूठभर सांभार, म्हणजे कोथिंबीर. तिखट भातात जिभेला वेगळं लागतं, कण्यांत ते मुरतं, म्हणून नेहमीपेक्षा थोडं जास्त घाला. हाताने लागणारं काम वीस मिनिटांचं, बाकी कुकर करतो, आणि आम्ही चौघं एकाच वेळी बसतो. पोटही सकाळपर्यंत धरतं. ज्वारीत १०० ग्रॅमला सुमारे १० ग्रॅम तंतू असतात, पांढऱ्या तांदळात ३ ग्रॅमसुद्धा नसतात.

म्हणून कामाच्या दिवशी माझं मत कण्यांना. घरी पाहुणे येणार असतील किंवा भाकरी थापायला दुसरे हात असतील तर रस्साच करा, त्या दिवशी कण्यांचं नाव काढू नका. घरात ज्वारीच नसेल तर गव्हाचा दलिया चालतो. तुपावर भाजून घ्या, पाणी तिप्पट, शिट्या तीन. चव मात्र गोडसर येते.

उरलं तर उन्हाळ्यात तासाभराच्या आत फ्रिजमध्ये गेलं पाहिजे, भात तर नक्कीच. ओट्यावर रात्रभर राहिलेला भात सकाळी परत गरम केला तरी पोट बिघडवू शकतो. चिकनला मीठ-हळद-दही लावून ठेवायचं असेल तर तेही फ्रिजमध्येच. दुसऱ्या दिवशी डब्यासाठी कण्या काढाल तेव्हा त्या वडीसारख्या घट्ट झालेल्या असतील. अर्धी वाटी उकळतं पाणी घालून सराट्याने मोडा, चांगली वाफ येऊ द्या, चवीला मीठ बघा आणि लिंबू डब्यात वेगळं द्या.