भाडेकरूसह घर घेतलं: जुना दावा की नवा?

मुंबईत भाडेकरूसह खोली विकत घेतली आणि लघुवाद न्यायालयात भाडेकरूला बाहेर काढण्याचा जुन्या मालकाचा दावा चालूच आहे, तर काय करायचं?

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 22, नियम 10 खाली कोर्टाची परवानगी घेऊन तोच दावा पुढे नेता येतो. नोटीस, पुरावा, गेलेली वर्षं वाया जात नाहीत. पण दाव्याचं कारण भाड्याच्या थकबाकीसारखं असेल तर हे सोपं. ‘मला स्वतःला राहायचंय’ ही गरज जुन्या मालकाची होती. ती खरेदीखताबरोबर येत नाही.

तिथे नवा दावाच बरा, महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्याच्या कलम 16(1)(g) खाली, स्वतःची गरज सिद्ध करून. वेळ मात्र पुन्हा शून्यापासून. थकबाकीवर नवा दावा लावायचा तर आधी नोटीस, मग 90 दिवस थांबा. शिवाय खरेदीपूर्वीचं थकलेलं भाडं आपोआप तुमचं होत नाही; खरेदीखतात तसं लिहून घ्या. दलाल हे सांगत नाही!