पाणीपातळी मोजायचा बझरवाला टेप : दीड वर्ष वापरून झाल्यावर

मी मोटरवाला. बोअरमधल्या मोटरी काढायच्या, जळलेल्या भरायच्या, परत सोडायच्या. बार्शी तालुक्यात हाच धंदा, एकवीस वर्षं झाली. गेल्या वर्षी जानेवारीत १०० मीटरचा टेप मागवला, ९,२०० रुपयांना. बायको म्हणाली, यात थोडी भर घातली असती तर फ्रीज आला असता. फ्रीज अजून आलेला नाही. टेपाचं काय झालं ते लिहितोय, कारण घ्यायच्या आधी मला मराठीत याबद्दल कुठंच काही वाचायला मिळालं नव्हतं.

वस्तू साधी आहे. रिळावर गुंडाळलेला चपटा पिवळा टेप, त्याच्या दोन कडांतून दोन बारीक तारा, टोकाला बोटाएवढा स्टीलचा गोळा. गोळ्यात दोन तारांमध्ये फट ठेवलेली असते. त्या फटीत पाणी शिरलं की सर्किट पुरं होतं, रिळावरचा बझर ओरडतो आणि लाल दिवा लागतो. आत नऊ व्होल्टची चौकोनी बॅटरी. संपलं यंत्र. कुठलाही वायरमन घरी करील. मीही केलं होतं, दोन कोरची केबल आणि जुन्या स्टार्टरमधला इंडिकेटर घेऊन. पण केबल स्वतःच्या वजनानं ताणते, चिकटपट्टीच्या खुणा सरकतात, आणि दोनशे फुटांवर दीड-दोन फुटांचा घोळ होतो. विकतच्या टेपाला पैसे पडतात ते या न ताणण्याचे.

त्याआधी आम्ही काय करायचो? मोटर वर काढताना पाइप कुठवर ओला आहे ते बघायचं आणि वीस फुटी पाइप मोजायचे. नाहीतर खडा टाकून कान लावायचा. जुनी माणसं खड्याच्या आवाजावरून परसात, म्हणजे पुरुषभर उंचीच्या मापात, खोली सांगायची आणि बऱ्याचदा बरोबर सांगायची. पण विहिरीत. साडेसहा इंची बोअरात खडा आधी पाइपला आपटतो, मग केबलला, मग कशाला ते देवाला माहीत.

पहिला आलेला नग खराब होता. डब्यातून काढला तसा बझर चालूच; गोळ्यात ओल शिरलेली. बदलून यायला पाच आठवडे लागले. विकणाऱ्याचं नाव घेत नाही, कारण दुसरा नग त्यानं नीट दिला आणि तो आजतागायत चालू आहे. तुम्ही घ्याल तेव्हा पार्सल उघडतानाच बादलीभर पाण्यात गोळा बुडवून बघा. पाण्यात वाजला पाहिजे, बाहेर काढून फडक्यानं पुसला की गप्प बसला पाहिजे. व्हिडिओ काढून ठेवा.

आता वापराचं. पहिले दोन महिने मी टेप चुकीचा वापरला. तात्यांच्या लिंबाच्या बागेत दुपारी मोजलं तर ५८ मीटर. दुसऱ्या दिवशी पहाटे, थ्री फेज यायच्या आधी, त्याच बोअरला ४१ मीटर. मला वाटलं टेप बिघडला. टेप ठीक होता, दोन्ही आकडे खरे होते. मोटर चालू असताना पाणी उपशानं खाली ओढलेलं असतं आणि रात्रभर लाइट नसली की ते आपल्या जागेवर चढून येतं. मोटर किती फुटांवर सोडायची हे ठरवायला ५८ लागतात. जमिनीखाली पाणी किती आहे हे बघायचं तर ४१. गिऱ्हाईक मात्र एकच आकडा मागतं, आणि ज्याला जो सोयीचा तो घेऊन जातो.

दुसरी चूक, मोजायचं कुठून? केसिंगच्या, म्हणजे बोअरात वरच्या भागाला बसवलेल्या पाइपच्या, तोंडापासून की जमिनीपासून? केसिंग कुठं एक फूट वर, कुठं अडीच फूट. मी आता केसिंगच्या काठावर हॅक्सॉ ब्लेडनं खाच करतो, दर वेळी त्या खाचेपासूनच वाचतो आणि केसिंगची उंची वजा करतो. हे मला माझ्या डोक्यानं सुचलं नाही. शेजारच्या गावात सरकारी निरीक्षण विहीर आहे, कठड्यावर नंबर घातलेला. तिथं मोजायला आलेल्या माणसाला मी टेप दाखवला, त्यानं पहिला प्रश्न विचारला, "मोजायची खूण कुठाय?" माझ्याकडं नव्हती.

त्या माणसाशी चहा झाला. तो भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणेचा, ही ७२ सालच्या दुष्काळाच्या वेळची सरकारी संस्था. राज्यभर चार हजारांच्या आसपास निरीक्षण विहिरी, वर्षातून चारदा मोजणी. पावसाळा संपला की एकदा, मग जानेवारी, मार्च आणि मे. आजची पातळी मागच्या पाच वर्षांच्या सरासरीशी ताडून बघायची, आणि टंचाई कुठं येणार याचा अंदाज त्यावरून काढायचा. मी खरं सांगतो, ऐकून हसू आलं. चारदाच? मी तर एका आठवड्यात चाळीस बोअरं मोजतो! पण घरी येऊन माझी वही बघितली तर चाळीस बोअरांचे चाळीस आकडे, कुठलेच एकमेकांना धरून नाहीत. कुणाची मोटर चालू, कुणाची बंद, एकही बोअर दुसऱ्यांदा मोजलेलं नाही. त्यांच्याकडं त्याच विहिरीचा त्याच खुणेपासूनचा आकडा वर्षानुवर्षांचा आहे. हसू तिथं गेलं.

अर्थात त्यांच्याही मोजणीला मर्यादा आहे. राज्यात गावं चाळीस हजारांवर, विहिरी चार हजार. काही ठिकाणी आता आपोआप मोजणारी यंत्रं बसवलीत, तरी आपल्या काळ्या दगडात बांधाच्या अलीकडं-पलीकडं पाणी बदलतं. राज्याचा ऐंशी टक्क्यांहून जास्त भाग या दगडाचा. लाव्हाचे थर एकावर एक बसलेले; थराच्या खालच्या अंगाला घट्ट पाषाण, वरच्या अंगाला फोड आल्यासारखा मांजऱ्या, आणि दोन थरांच्या मधे कुठं कुठं तांबडा गेरू. पाणी मांजऱ्यात आणि भेगांत. गेरू ते अडवून धरतो. केंद्रीय भूजल मंडळानं २०१२ पासून देशभर या थरांचे नकाशे करायचं काम घेतलं, ते नकाशे बघितलेत मी. कुठल्या पट्ट्यात कुठला दगड किती खोल हे कळतं. पण तुमच्या बोअराला आज पाणी किती फुटांवर आहे, ते तुम्हालाच दोर सोडून बघावं लागतं.

या टेपानं मला एकदा चकवलं ते सांगतो, कारण खरेदी करणाऱ्याला त्याचा उपयोग आहे.

नानांची ४२ फुटांची जुनी विहीर, त्यांच्या आज्यानं पाडलेली. तिच्यापासून साठ फुटांवर पुतण्यानं बोअर मारलं, ४२० फूट, केसिंग फक्त वीस फूट. पुतण्याचा फोन आला की मोटर तीनशे फुटांवर आहे आणि कोरडी चालते, मोटर वाचवणारा प्रिव्हेंटर ती सारखी बंद पाडतोय. मी टेप सोडला. एकतीस फुटांवर बझर! एकतीस फुटांवर पाणी आणि मोटर कोरडी? पुतण्या माझ्याकडं असा बघायला लागला की मीच काहीतरी केलंय. खाली सोडत गेलो. बझर थांबला, परत वाजला, अडखळत वाजायला लागला, फिट आल्यासारखा. रिळावर एक बटण असतं, बझर किती हळवा ठेवायचा त्याचं. ते खाली आणलं. गाडी बंद करायला सांगितली आणि केसिंगला कान लावला.

आत पाणी पडत होतं. रांजणात नळाची धार सोडावी तसा आवाज.

एकतीस फुटांवर मांजऱ्याचा थर उघडा पडला होता, त्यातून पाणी बोअरात गळत होतं आणि टेप त्या धारेत भिजून ओरडत होता. खरं पाणी लागलं ८७.६० मीटरवर, म्हणजे सत्त्याऐंशी मीटर आणि वर दोन फूट, फुटात २८७. मोटरच्या डोक्यावर तेरा फूट पाणी, सुरू केली की पाच मिनिटांत संपणार. एवढ्यात नाना काठी टेकत आले. "काय ऐकताय रं?" मी बाजूला झालो. त्यांनी कान लावला, बराच वेळ लावला, आणि विहिरीकडं बोट केलं. विहीर दोन वर्षांपासून कोरडी. आतल्या दगडावर, साधारण तेवढ्याच खोलीवर, झऱ्याचा पांढरा ओघळ वाळलेला दिसत होता. पुतण्या मोबाइल बघत राहिला. केसिंग आणखी खाली नेऊन बाहेरून चिकणमाती ठोकली तर वरचा झरा विहिरीकडं वळेल का, यावर मी बोललो, पण त्यात बोअराचं पाणी घटणार. पुढं काय झालं ते मला माहीत नाही. मोटर मी चाळीस फूट खाली सोडून दिली, माझं काम तेवढंच होतं.

तर टीप अशी की टेप वाजला म्हणजे पाणी लागलं असं धरू नका. गोळा अर्धा फूट वर घ्या, बझर थांबतो का बघा, परत सोडा, असं तीनदा करा. तिन्ही वेळा एकाच खुणेवर वाजला तर पाणी.

अडकण्याचंही सांगायला पाहिजे. मोटर आत असलेल्या बोअरात टेप केबलच्या क्लिपांत गुंततो. एकदा पस्तीस मीटरवर दोन तास अडकून बसला, उन्हात. शेवटी पाइप कपलिंगसकट हलवून सोडवला, टेपावर एक वळी पडली ती कायमची. तेव्हापासून मोटर सोडताना मी बाजूनं पाऊण इंची पाइप बांधून देतो, टेप फक्त त्यातून सोडायचा. गिऱ्हाइकं आधी कुरकुर करतात. खर्च त्यांचा, सोय माझी असं त्यांना वाटतं.

आणि हो, हा टेप नवं पाणी कुठं लागेल ते सांगत नाही. दर आठवड्याला एकजण तरी विचारतो. त्यासाठी नारळ घेऊन फिरणारे पाणाडी आहेत, त्यांचे दर माझ्यापेक्षा बरे आहेत.

बॅटरी सहा-सात महिने जाते. आकडे मीटरमध्ये छापलेत, आमच्याकडं सगळा व्यवहार फुटात, त्यामुळं रिळावर मार्करनं ३.२८ लिहून ठेवलंय. टेप वर घेताना फडक्यातून ओढून घ्या, नाहीतर चिखल रिळात जाऊन बसतो. रिळाचं हँडल तेवढं पाप्याचं पितर आहे, दोनदा वेल्डिंग केलं.

माझी खरी तक्रार लांबीची. कायद्यानं शेतीच्या बोअराला ६० मीटरची मर्यादा घातली, म्हणजे दोनशे फूट. त्या हिशोबानं १०० मीटरचा टेप चिक्कार झाला पाहिजे. आमच्याकडं चारशे फुटांच्या आत कुणी बोअर मारणाऱ्या गाडीवाल्याला थांबू देत नाही. गेल्या मे महिन्यापासून मी सरकारी विहिरीसारखी वही ठेवतो. ठरलेली अकरा बोअरं, खाचेपासून, पहाटे, वर्षातून चारदा. गेल्या मेच्या पानावर अकराच्या अकरा आकडे आहेत. या मेच्या पानावर आठ, आणि तीन रकान्यांत "टेप संपला".

१५० मीटरवाला बघून ठेवलाय. घरी अजून बोललो नाही.